अडवणारा लेट

चेंडू जाळ्याला लागला नव्हता. हेस्टर क्रॅनशॉ पंचाच्या उंच खुर्चीत, जाळ्याच्या अगदी डोक्यावर बसली होती. डॉक्टर पेंब्रींची सर्व्हिस जाळ्यावरून चांगलं वीतभर अंतर राखून गेली आणि पलीकडच्या कोपऱ्यात खडूची धूळ उडवून निसटली. समोर औषधांच्या दुकानाचे मालक मिस्टर टॉली उभे होते. त्यांना रॅकेट हलवायलाही सवड मिळाली नाही. सामना तिथंच संपला होता. गावातले लोक टाळ्यांसाठी हात उचलत होते.

"लेट," हेस्टर म्हणाली.

हात तसेच राहिले. लेट म्हणजे चेंडू जाळ्याला घासून गेला, सर्व्हिस पुन्हा.

डॉक्टर पेंब्री जाळ्याजवळ आले. क्लबचा कप वर्षानुवर्षं त्यांच्याच दिवाणखान्यात असायचा. ज्या मोठ्या इंग्रजी शब्दकोशाचे ते संपादक होते, त्याचा नवा खंड वसंतात निघाला होता आणि त्यातल्या 'लेट' या क्रियापदाच्या पानांची वर्तमानपत्रांनी वाहवा केली होती. ती पानं हेस्टरनं लिहिली होती. एवढासा शब्द, पण कशालाही चालणारा. परवानगी द्यायची तरी लेट, घर भाड्यानं द्यायचं तरी लेट, वैद्यानं रोग्याचं रक्त काढायचं तरी लेट. आणि जुन्या इंग्रजीत नेमकं उलट, एखाद्याची वाट अडवायची तरी लेटच. एका नावाची दोन पोरं, आया मात्र वेगळ्या. कुठला अर्थ कुणाच्या पोटचा हे लावता लावता हेस्टरचे डोळे अधू झाले. खंडाच्या प्रस्तावनेत कचेरीला कोळसा पुरवणाऱ्याचे आभार होते. तिचं नाव नव्हतं.

तिनं विचारलं तेव्हा डॉक्टर मनापासून चकित झाले होते. "अहो मिस क्रॅनशॉ, आम्ही तुम्हाला इथं काम करू दिलं. आणखी काय हवं?"

आता ते वर बघत होते. तिच्याशी बोलताना त्यांना मान वर करावी लागण्याची ही पहिलीच वेळ.

"चेंडू लागला नाही."

"मला ऐकू आलं."

"मॅडम, मी तर समोरच होतो," मिस्टर टॉली पलीकडून म्हणाले. "मला काही ऐकू आलं नाही. गुण डॉक्टरांचाच आहे."

"तो ठरवायला मी बसले आहे, मिस्टर टॉली."

डॉक्टर हसले. लोकांकडे वळून म्हणाले, "चला, बाई पुन्हा सर्व्हिस करू देताहेत. मोठ्या मनाच्या आहेत."

लोकही हसले. हेस्टर ते हसू ओसरेपर्यंत थांबली.

"करू देणारा लेट हा नव्हे, डॉक्टर. हा दुसरा, अडवणारा. तुमच्या खंडात स्पष्ट दिलंय. तुम्हीच लिहिलंय ना?"

आता लोक जास्त मोकळेपणानं हसले. कोशाच्या कचेरीतली माणसं मागच्या बाकांवर होती. ती मात्र आपापल्या बुटांकडे पाहत राहिली. डॉक्टरांची मान कॉलरपासून कानापर्यंत लाल होत गेली. हेस्टरला ती सबंध दिसली आणि तिनं ती सबंध पाहिली. इतकं गोड तिला कित्येक वर्षांत काही लागलं नव्हतं.

पुढची सर्व्हिस जाळ्यात गेली. त्यानंतरची रेषेच्या बाहेर. मग डॉक्टर चेंडूला मारेनात, कुणाला तरी मारावं तसे हात फेकू लागले. गेम गेला, त्यामागून सेट गेला. मिस्टर टॉली बिचारे नुसते चेंडू परत करत राहिले आणि जिंकले. टाळ्या पडल्या, पण पावसानं छपरावर चार थेंब टाकून निघून जावं तशा.

शिरस्त्याप्रमाणे डॉक्टर पंचाशी हात मिळवायला आले. हेस्टर तोवर खाली उतरली होती. तिचा हात हातात घेऊन ते हळूच म्हणाले, "लागला नव्हता."

"नाही," हेस्टर म्हणाली. "फार सुंदर सर्व्हिस होती."

त्यांनी हात सोडला. "सोमवारी कचेरीत येऊ नका."

"नाही येणार."

हे ती आधीच ठरवून आली होती. त्यामुळे घाव काही बसला नाही, आणि तो बसला नाही हे डॉक्टरांना कळल्याचंही तिला दिसलं. ते रॅकेट बगलेत मारून कुणाशी न बोलता फाटकाबाहेर पडले.

बक्षीस देऊन झालं. लोक चहा आणि काकडीच्या सँडविचकडे पांगले, तसे मिस्टर टॉली तिच्याजवळ आले. साधे, जरा बुजरे गृहस्थ. हातातला चांदीचा कप त्यांनी तिच्या खुर्चीच्या पायरीवर ठेवला.

"हा मी घरी नेऊ शकत नाही, मिस क्रॅनशॉ. बायकोला काय सांगू?"

"जिंकलो म्हणा."

"तेच तर सांगता येत नाही." त्यांनी टोपी उचलून तिला नमस्कार केला. "ज्यानं मिळवला त्यानंच न्यावा."

कप तसाच सोडून ते निघून गेले. हेस्टरनं तो उचलून काखेत घेतला आणि ती नदीवरच्या पुलाच्या रस्त्यानं घराकडे निघाली. ऊन कलतं होतं, कप चकाकत होता. पुलावर धर्मगुरूंची बहीण भेटली. पुढे दारात उभा असलेला बेकरीवाला कप पाहून म्हणाला,

"अरे वा, मिस क्रॅनशॉ, तुम्ही खेळता हे ठाऊकच नव्हतं. अभिनंदन."

"आभारी आहे," हेस्टर म्हणाली, आणि लोकांना नीट दिसावा म्हणून तिनं कप दुसऱ्या, रस्त्याच्या बाजूच्या हातात घेतला.