मुका जावई

मार्च १९४७. तैवानात चीनमधून आलेल्या 'बाहेरच्यांना' लोक शोधून मारत होते. माहेरी निघालेल्या सुइकिमची बस जमावानं अडवली. काठीवाला तिच्या नवऱ्यावर खेकसला, "आपल्या बोलीत बोल! बाहेरचा आहेस का?" त्याला ती बोली येत नव्हती. सुइकिम ओरडली, "मुके आहेत हो ते! जन्माचे मुके!" बस सुटली. माहेरच्या गावानं मुक्या जावयाला आपलं मानलं. पुढे चीनच्या सैन्यानं गावातली पोरं मारली. बाहेरच्यांचं नाव निघालं की लोक थुंकायचे. तोही थुंकायचा. घरात सुइकिम विनवायची, "माझ्याशी तरी बोला." तो नुसता बघायचा. सात वर्षांनी दुपारच्या झोपेत तो आईला हाका मारू लागला, स्वच्छ, स्वतःच्या बोलीत. शेजारी खेळणारी सहा वर्षांची लेक दचकली. "आई, बाबांना बाहेरचं लागलंय का?" सुइकिमनं झटकन खिडकी लावून त्याचं तोंड दाबलं. तळव्याखाली ओठ हलतच राहिले.