अडकलेलं बटण

येरमाळ्याच्या स्टँडसमोर शिवांजलीचं टीव्ही दुरुस्तीचं दुकान आहे. दसऱ्यानंतरच्या आठवड्यात धुरपदाबाई तिथं पिशवीत सेट टॉप बॉक्स घेऊन आल्या. बॉक्स चालू होतानाच अडकत होता, पुढं सरकतच नव्हता.

"बघ पोरी, मालक लकव्यानं बाजेवर हायती. ह्यो डबा बंद पडून आठ दिस झालं, नुसतं आढ्याकडं बघत्यात."

शिवांजलीनं अडॅप्टर बदलून पाहिला. सॉफ्टवेअर दोनदा मारलं. दोन्ही वेळा गाडी तिथंच अडली.

"मावशी, हा तर नवरदेवासारखा रुसून बसलाय," म्हणत तिनं बॉक्स खोलला. आता तिलाच चैन पडेना. आत सगळं ठीक होतं, पण पुढचं बटण दाबलेलंच राहिलं होतं. ते तसं राहिलं की बॉक्स दर वेळी नव्यानं सॉफ्टवेअर मागत बसतो. तिनं बटणाच्या कडेनं पिन फिरवली, तर वाळलेला लाल-पिवळा थर निघाला.

"मावशी, ह्याला हळदकुंकू कुणी लावलं?"

"म्याच लावलं. खंडेनवमीला."

"अहो, त्या दिवशी अवजारं पुजत्यात. नांगर, पाभर. ह्याला कशाला?"

"नांगर, पाभर गेली पुतण्याकडं," धुरपदाबाई म्हणाल्या. "मी दिसभर लोकाच्या रानात खुरपायला जाते. तवा मालकांपाशी बसायला घरात ह्याच्याबिगर दुसरं कोण हाय?"