चार सेकंदांची देवी

गावदेवीला हात जोडल्याशिवाय चहा घ्यायचा नाही, हा माझ्या सासूबाईंचा नेम. तलासरीकडचा आमचा पाडा नव्या रस्त्यात गेला, देऊळही गेलं, आणि आम्ही सरावलीला राहायला आलो. पण त्याआधी पाड्यावर एका मारधाडीच्या सिनेमाचं शूटिंग झालं होतं. त्यात हिरोच्या मागे आमची देवी चार सेकंद दिसते. सहा वर्षं सासूबाई रोज सकाळी मोबाईलवरच्या त्या धूसर तुकड्याला हात जोडत होत्या.

यंदा घटस्थापनेला ह्यांनी मोठा टीव्ही आणि त्या सिनेमाची फोर-के डिस्क आणली. "आई, देवी आता अगदी समोर बसल्यासारखी दिसेल बघ!" सासूबाई न्हाऊन, हळदकुंकू घेऊन बसल्या. मी त्यांच्या चहाचा कप शेजारी आणून ठेवला. हिरोने जीपवरून उडी मारली आणि ह्यांनी चित्र तिथेच थांबवलं.

देवी लख्ख दिसली. शेंदराचा पोपडा निघाला होता, तिथे थर्माकोलचे पांढरे दाणेही दिसले.

"ही तर बनवलेली आहे," हे पुटपुटले. "खरी समोर असताना खोटी कशाला केली असेल सिनेमावाल्यांनी?"





"देवीपुढे बूट घालून यायचं नाही, म्हणून मीच भांडले होते रे त्यांच्याशी, मला वाटलं, मग लांबूनच देवीचं चित्र घेतलं असेल," असं म्हणून सासूबाईंनी चहाचा कप माझ्याकडे परत सरकवला.