सहा वाजेपर्यंत

डोळ्यांवर काळी पट्टी बांधून ती कलादालनाच्या मधोमध खुर्चीवर बसली होती. शेजारच्या पाटीवर तिनेच लिहिलं होतं: ‘तुमची भीती माझ्या कानात सांगा. सहा वाजेपर्यंत मी हलणार नाही, बोलणार नाही.’ हाच तिचा प्रयोग.

सकाळपासून रांग काही संपत नव्हती. कुणाला पालीची भीती, कुणाला लिफ्टची. एक आजोबा तर “आमची ही मागे उभी नाहीये ना?” असं विचारून मगच कुजबुजले. हसू पोटात दाबून ती दगडासारखी बसून राहिली.

मग कानाशी एक श्वास आला आणि त्यापाठोपाठ दोन वर्षांत न ऐकलेला आवाज.

“बायको नाव बदलून पळून गेली माझी. ती आता कधी सापडायचीच नाही, अशी भीती वाटायची.”

पट्टीखाली तिने डोळे उघडले.

“आज गेली ती भीती,” तो अगदी प्रेमाने म्हणाला. “चालू दे तुझं. सहापर्यंत बसतो मी.”

पावलं दाराकडे गेली नाहीत. समोरची एक खुर्ची तेवढी करकरली.