ठेका
नव्वदच्या दशकात सपशेल आपटलेला तो नाइटक्लबचा सिनेमा ओटीटीवर आला आणि न्यूयॉर्कची पोरं त्याला डोक्यावर घेऊन नाचायला लागली. म्हणून रोसाल्बानेही एका दुपारी नवऱ्याला शेजारी बसवून तो लावला. क्लबातल्या गर्दीत, तेव्हा एक्स्ट्रा म्हणून काम केलेली, तरणीताठी ती दोघंच नाचताना दिसली आणि पडद्यावर खाली अक्षरं उमटली, 'जोरात गाणं सुरू आहे.'

विल्फ्रेडो जन्मापासून बहिरा. त्याने हातांच्या खुणांनी फुशारकी मारली, "सेटवर कुणाला पत्ता लागू दिला नाही मी! तुम्हा सगळ्यांची पावलं बघून बरोब्बर ठेका धरला."

रोसाल्बाने सिनेमा तिथेच थांबवला. मग तीही खुणांनीच म्हणाली, "अरे वेड्या, गाणं नंतर घातलं. नटांचं बोलणं रेकॉर्ड करायचं म्हणून तेव्हा सगळं बंद होतं. आम्ही सगळे तुझी पावलं बघून नाचत होतो."