ब्याण्णव टक्के

"हे बिघडलंय, बाई." भिंतीवरच्या वायुभारमापकावर टिचकी मारत रोनाल्ड म्हणाला. "चारशे सत्तर? पुस्तकात तर सातशे साठ असतं."

सेवेरिना खलात दगडाची भुकटी करत राहिली. उंच डोंगरावरच्या पोतोसी गावातल्या या चुनाभट्टीवर अकरा वर्षं तीच दगड तपासत होती. भुकटीवर आम्ल ओतायचं, सुटलेला वायू काचेच्या नळीत मोजायचा, आणि शून्य अंशाला, समुद्रकाठच्या दाबाला तो किती भरला असता ते काढायचं. तो जितका जास्त, तितका दगडात चुना जास्त. इतक्या उंचावर हवेचा दाब कमी, वायू फुगून बसतो. इथे वाढलेल्या कुणाला हे सांगावं लागत नाही. रोनाल्ड परवाच खालच्या सपाट मुलखातून आला होता, पदवी घेऊन.

प्रयोगशाळा कुणाच्या हाती द्यायची, ते मालक आज ठरवणार होते.

रोनाल्डने तापमान बरोबर धरलं. दाबाच्या जागी पुस्तकातलं सातशे साठ लिहिलं. त्याचे आकडे छापल्यासारखे होते. सेवेरिनाने आपली वही मिटून टाकली.

"ब्याण्णव टक्के!" मालक ओरडले. "आणि बाई, तुम्ही याच दगडाला काय म्हणाला होतात?"

"सत्तावन्न."

"नळीत बघून बघून डोळे गेले तुमचे!" मालक पोट धरून हसले. "या दगडाचे बारा ट्रक आजच मागवतो. शिकलेला माणूस एका सकाळीत काय करतो, बघा. किल्ली यांना द्या."

एक वाक्य पुरलं असतं. ते तिच्या ओठांवर आलंही. तेवढ्यात मालकांनी स्वतःची खुर्ची रोनाल्डपुढे सरकवली. अकरा वर्षांत तिला कुणी 'बसा' म्हटलं नव्हतं.

तिने कमरेची किल्ली सोडून टेबलावर ठेवली.

रोनाल्ड खुर्चीत टेकला. त्याला धाप लागली होती. "काय गाव आहे हो तुमचं, बाई! चार पायऱ्या चढलो की छाती फुटते. हवाच नाही इथे."

सेवेरिना त्याच्या तोंडाकडे बघत राहिली. आपण काय बोललो, ते त्याला ऐकू येतंय का?

रोनाल्डने पेनाचं टोपण काढलं.

"खरंय. हवा कमीच आहे," ती म्हणाली. अहवालाचा कागद तिने त्याच्यापुढे नीट सरळ केला. "सही ठळक करा, इंजिनियर. आणि खाली नाव लिहा. पूर्ण."