ठोक्याआधी

बोटीवरची नोकरी सोडून विनोदिनीचा नवरा कायमचा पेडण्याला परतला, तेव्हा त्याच्या पेटीत एकाच बाईचे फोटो निघाले. जुन्या फोटोंत ती गुत्त्यात नाचत होती, नव्यांत सिनेमाची नटी झाली होती. "हिका तुमी वळखतास?" विनोदिनीने विचारलं. "खुळी काय तू? स्पॅनिश नटी ती. फोटो दुकानात मेळतत." तिला पटलं नाही. त्या नटीचा नवाकोरा सिनेमा म्हापशाला लागला, तेव्हा विनोदिनी हट्टाने त्याला घेऊन गेली. नटी टाचा आपटत नाचू लागली. विनोदिनी पडदा सोडून नवऱ्याकडे बघत होती. त्याची टाच खुर्चीखाली ताल धरत होती, तोही पडद्यावरच्या प्रत्येक ठोक्याच्या किंचित आधी. "हो नाच तुमका कोणी शिकयलो?" टाच थांबेना. तिने आपलं पाऊल त्याच्या पावलावर ठेवलं आणि दिवे लागेपर्यंत दाबून धरलं.